मालगाडीचे तात्या

काशीदच्या रिसॉर्टमधलं रेल्वेचं जुनं इंजिन गेल्या आठवड्यात कापलं. गॅसकटर घेऊन माणसं आली, तुकडे करून ट्रकात भरले आणि भंगारात घेऊन गेली. मला हे मासेवालीनं सांगितलं, पापलेटाचा भाव सांगावा इतक्या सहज. "आता तिथं पोहायचा तलाव होनार हाय," म्हणाली. मी म्हटलं, होऊ दे बाई, बुडा सगळे त्यात. ती माझ्याकडे बघतच राहिली, मग टोपली उचलून पुढच्या दारी गेली.

तिला तरी काय बोलणार? घरततात्यांना जाऊन अजून वर्ष झालेलं नाही, आणि चौलात त्यांची आठवण काढणारी बहुतेक मीच एक उरलेय. तीसुद्धा धड प्रेमानं काढते असं नाही. माणूस फार कटकट्या होता. पण त्याचं जे केलं ना लोकांनी, ते आठवलं की माझ्या अंगाचा तिळपापड होतो. म्हणून आज लिहायला बसले.

परशुराम घरत. आमच्या वाडीला लागूनच त्यांचं घर, मध्ये नुसतं सुपारीच्या झावळ्यांचं कुंपण. रेल्वेतली सगळी नोकरी भुसावळला काढली आणि निवृत्त झाल्यावर एकटेच गावी परत आले. बायको आधीच गेलेली, मुलगी नीता माणगावला दिलेली. आले तेव्हा सामान म्हणजे एक ट्रंक, एक वळकटी आणि कोळसा ओढायचं एक लांब दांड्याचं फावडं. त्या फावड्यावर ते सुके बोंबील भाजायचे. घरात तवा होता, नीतानं आणून दिलेला, तो कधी चुलीवर चढला नाही. "इंजिनच्या भट्टीत फावडं नुसतं आत धरायचं, सूनबाय. अंडं, वांगं, काय पन. असा वास कुठल्या हाटेलात न्हाय." आणि खरंच, त्यांच्याकडे बोंबील भाजले की माझ्याकडे पैसे देऊन राहायला उतरलेले पाहुणे पुढ्यातलं सुरमईचं ताट सोडून विचारायचे, हा कसला वास? मला राग यायचा.

ते इंजिनाच्या डाव्या खिडकीतून डोकं बाहेर काढून जन्मभर पुढं बघत आलेले. त्यामुळे त्यांचा डावा गाल उजव्यापेक्षा काळा होता आणि डावा डोळा कायम बारीक केलेला. खांद्यावर पंचा नाही, रुमाल नाही, सुताच्या गुंत्याचा एक गोळा. यंत्र पुसायला वापरतात तो. बसायच्या आधी खुर्ची पुसणार, चहाचा कप बाहेरून पुसणार, एकदा माझ्या नवऱ्याच्या गाडीचं बॉनेट पुसून वर म्हणाले, "ठेवता कशी रे गाडी? आमच्या शेडात असती तर तुला उभा केला असता." माझ्या स्वयंपाकघरात कुकरची शिट्टी झाली की कुंपणापलीकडून आवाज यायचाच. "पानी बघ आधी! पानी किती घातलंस?" मी ओरडायचे, "पुरेसं आहे तात्या!" पाणी कमी पडलं की बॉयलर जातो आणि बॉयलरबरोबर माणूस जातो, हे त्यांच्या डोक्यात असं बसलेलं की डाळ शिजवणंही त्यांना धोक्याचं काम वाटायचं.

नवीन माणूस भेटला की प्रश्न ठरलेला. "ड्रायव्हर होतात? एसटीवर का?" नाकाला मिरच्या झोंबल्यासारखे तात्या उसळायचे. "इंजिन. वाफेचं." मग समोरचा कौतुकानं म्हणायचा, "अरे वा! म्हणजे मेल, एक्स्प्रेस?" इथं तात्यांचा आवाज एकदम थंड व्हायचा. "मालगाडी." समोरचा म्हणायचा, "असं होय." आणि विषय बदलायचा. हे 'असं होय' मी इतक्या वेळा ऐकलंय की पुढं पुढं मीच पाहुण्यांना आधी बजावून ठेवायचे की बाबांनो, त्यांना गाडीबद्दल काही विचारू नका.

ज्यानं विचारलं त्याची मात्र सुटका नसायची. त्यांच्या इंजिनाची जात डब्लूजी. तिची सगळी कुळकथा त्यांना पाठ. देश स्वतंत्र झाला तेव्हा जुनी इंजिनं लढाईत राबून खिळखिळी झालेली, माल तर वाढत चाललेला. तेव्हा ही अवजड मालगाडीची जात काढली. पहिली विलायतेहून बोटीनं आली, मग बंगालात आपला कारखाना उभा राहिला, आणि त्या कारखान्यातून पहिलं जे इंजिन बाहेर पडलं ते हीच डब्लूजी. पुढं हजारोंनी बनली. "धरनांचं सिमिट कोनी वाहिलं? कारखान्यांचं लोखंड? दुष्काळात बोटीनं आलेला गहू बंदरातनं कोनी वर नेला? हिनं. आनि क्यालेंडरवर फोटो कोनाचा? मेलच्या इंजिनाचा! समझा क्या?" भुसावळनं त्यांच्या जिभेवर ठेवलेला हा 'समझा क्या' चौलात फार गाजलेला होता. पोरं पाठीमागे नक्कल करायची.

त्यांचा खरा राग निराळा होता. मेलचं इंजिन, ज्याला ते डब्लूपी म्हणत, आणि ही डब्लूजी, दोघींचा बॉयलर एकाच घडणीचा. "सख्ख्या बहिनी," ते म्हणायचे. "पोट तेच, आग तीच. एकीला मोठी चाकं दिली, नाकावर टोक काढलं, त्यावर तारा लावला नि सांगितलं, जा, साहेब लोकांना फिरव. दुसरीला बारकी चाकं दिली, एक जोडी जास्त, नि सांगितलं, तू कोळसा वाह." हे सांगताना ते इंजिनाबद्दल बोलतायत की माणसांबद्दल, हे मला कधी विचारावंसं वाटलं नाही. दोन्हींबद्दलच बोलत असणार.

मालगाडीचा नियम असा की मागून मेल येत असली की मालगाडीनं बाजूच्या रुळावर जाऊन उभं राहायचं. त्या बाजूच्या रुळाला ते लूप म्हणत. आयुष्यात जिथं जिथं कुणी त्यांना मागं सारून पुढं गेलं, तिथं तात्यांचं एकच वाक्य, "घाला आमाला लूपला." रेशनच्या रांगेत सरपंचांचा माणूस पुढं घुसला की हेच. दवाखान्यात कुणाला मधूनच आत घेतलं की बाकावरून मोठ्यांदा, "जाऊ द्या, जाऊ द्या, मेल हाय!" डॉक्टरीणबाई ओशाळून बाहेर यायच्या. एकदा शेजारच्या लग्नात पहिल्या पंगतीला बसले होते. पान वाढून झालं, वरण आलं, तेवढ्यात यजमान हात जोडून आले. "तात्या, मुंबईची पाहुणे मंडळी आलीत, त्यांना लगेच परत निघायचंय, जरा पुढच्या पंगतीला बसाल का?" तात्या उठले. पान तसंच राहिलं. तिथून जे चालू लागले ते थेट घरी आणि फावड्यावर बोंबील. यजमान संध्याकाळी डबा घेऊन आले तर दारातूनच परत पाठवला. मीसुद्धा म्हटलं, "तात्या, एवढं काय? लग्नघरात होतं असं." ते माझ्यावर इतके भडकले की पुढं कितीतरी दिवस बोललेच नाहीत. मला वाटलं, म्हातारा नुसता हट्टी आहे, मानापानाला हपापलेला.

मग एका दुपारी त्यांनी सांगितलं. मी नारळ सोलून घ्यायला त्यांच्याकडे गेले होते. नारळ सोलता सोलता, मान वर न करता सांगितलं.

बायकोच्या पोटात दुखत होतं म्हणून सकाळी तिला दवाखान्यात ठेवलं. तीच म्हणाली, जा ड्यूटीला, येशील तोवर मी घरी असेन. कोळशाची गाडी घेऊन गेले. परत येताना एका लहानशा स्टेशनात यांना लूपला घातलं आणि स्टेशनमास्तरनं निरोप दिला की घरून फोन होता, बायको सिरियस आहे, लवकर या. तात्या म्हणाले, मग सोडा की मला. मास्तर म्हणाले, मागं मेल आहे. मेल गेली. मग मास्तर म्हणाले, तिच्या मागं आणखी एक आहे, उशिरानं धावतेय, तिला आधी काढायचं. भर दुपार. पायी निघावं तर आग पेटलेली असताना ड्रायव्हरला इंजिन सोडून जाता येत नाही, पाण्यावर नजर ठेवावीच लागते. दुसरी मेल धाडधाड करत गेली तेव्हा तात्या खाली रुळाशेजारी उभे होते. "खिडकीतनं एकानं केळ्याचं साल फेकलं. माझ्या पायाशी येऊन पडलं. मी त्याच्याकडं बघत ऱ्हायलो." भुसावळला पोचले तेव्हा तिच्या तोंडावर चादर ओढलेली होती. नीता शेजारणीच्या मांडीवर झोपलेली.

"कोनाची चूक न्हाय," नारळ माझ्या हातात देत म्हणाले. "नियमच हाय तो. पन मला मेलचं तोंड बघवत न्हाय, सूनबाय."

आता पुढचं ऐका.

वाफेची इंजिनं बंद झाली तेव्हा तात्यांना शेडात किरकोळ कामाला बसवलं, आणि त्यांच्या डोळ्यांदेखत एकेक डब्लूजी कापायला नेली. सगळ्या गेल्या असंच ते धरून चालले होते. आणि अचानक काशीदला एक उगवली. रोह्याच्या बाजूला एका कारखान्यानं वाफ बनवायला म्हणून जुनं इंजिन विकत घेतलेलं, तो कारखाना बंद पडला, ते गवतात सडत होतं. काशीदच्या एका रिसॉर्टवाल्यानं ते उचललं. राकेशशेठ म्हणतात त्याला. मोठ्या ट्रेलरवरून आणून दोन रुळांच्या तुकड्यांवर बसवलं. तात्यांना कळलं त्याच दिवशी ते मुरूडच्या एसटीत बसले.

परत आले ते ओळखू येईनात. हात कोपरापर्यंत काळे, आणि हसत होते! "नंबर बघितला. चाकं जोडनाऱ्या सळईवर ठोकलेला असतो. माझी न्हाय ती. दुसऱ्या कुठल्या शेडातली हाय. पन हाय डब्लूजीच." मग दर आठवड्याला रॉकेल आणि कानस घेऊन जायचे, गंज खरवडायचे, चाकांना तेल द्यायचे. राकेशशेठला फुकटचा माणूस मिळाला, तो कशाला नको म्हणतोय? तात्यांचं मागणं एवढंच की तिला काळा रंग द्या आणि बाजूला डब्लूजी असं लिहा. बस. राकेश म्हणायचा, "हो काका, करू ना. सीझन होऊ दे." सीझन झाला, पावसाळा झाला. तात्या दर वेळी येऊन मला सांगायचे, "देनार म्हनतो रंग." लहान मुलासारखे वाट बघत होते.

दसऱ्याला इंजिनाची पूजा करायची रीत. शेडात केळीचे खुंट बांधायचे, इंजिनाच्या तोंडाला हळदकुंकू लावायचं, झेंडूचा हार घालायचा आणि नारळ वाढवायचा. आता इतक्या वर्षांनी तात्यांना पूजायला इंजिन मिळालं होतं. आदल्या दिवशी माझ्याकडून झेंडू ओवून घेतले, धुतलेला सदरा घातला आणि सकाळी पहिल्या गाडीनं गेले.

दुपारच्या आत मला राकेशचा फोन. "ताई, तुमच्या काकांना घेऊन जा. नाहीतर मी पोलीस बोलावतो." मी आणि माझा नवरा गाडी काढून धावलो. बघतो तर इंजिनाला लाल आणि सोनेरी रंग दिलेला, बाजूला मोठ्या अक्षरात 'रॉयल मेल', आणि पुढच्या सपाट तोंडावर बोल्टांनी बसवलेलं फायबरचं एक टोकदार नाक. वर चंदेरी तारा. ते नाक आता खाली फरशीवर फुटून पडलं होतं. तात्यांनी पाना मागून घेतला होता, माळ्याला सांगितलं की नट ढिला आहे, घट्ट करतो, आणि एकेक बोल्ट काढून ते खाली पाडलं होतं. मग मोकळ्या झालेल्या तोंडाला हळदकुंकू लावून, हार घालून, तिथंच खाली बसून राहिले होते. नारळाचं पाणी फरशीवर सांडलेलं.

"मुखवट्याला पूजू काय?" मला बघून म्हणाले. "दसऱ्याच्या दिवशी?"

राकेश चिडला होता, पण आरडाओरडा केला नाही त्यानं. तसली माणसं आरडाओरडा करत नाहीत. खुर्ची ओढून तात्यांच्या समोर बसला आणि शांतपणे म्हणाला, "काका, मला सांगा, मालगाडीबरोबर सेल्फी कोण काढतो? लोकांना स्टोरी पाहिजे. राजे-महाराजे, मेल, असं काहीतरी. नाहीतर एवढी जागा अडवून हा लोखंडाचा ढीग मी ठेवू कशाला? भंगारवाला रोज फोन करतोय."

"कापाल?" तात्यांनी विचारलं.

"कापीनच. उद्या सांगितलं तर परवा कापून नेतील. नाहीतर असं करा. नाक मी परत बनवून घेतो. तुम्ही शनिवार-रविवार ड्रेस घालून इथं बसा. गेस्टना शिडीवर चढवा, फोटो काढू द्या. कुणी विचारलं तर सांगायचं मेलचं इंजिन, मी स्वतः चालवलं. ओरिजिनल ड्रायव्हर म्हटल्यावर लोक खूश. तुम्ही बसाल तोवर मी हात लावणार नाही हिला. शब्द."

मला वाटलं आता म्हातारा पाना त्याच्या डोक्यात घालणार. घालावा, असंही वाटलं. तात्या उठले, सुताच्या गोळ्यानं तो पाना नीट पुसला आणि माळ्याला परत दिला.

त्यांना गाडीत घालून आम्ही निघालो. रेवदंड्याच्या पुलावर आल्यावर खाडीकडे बघत म्हणाले, "मला जाऊन हात लावता येईल अशी ही एकच हाय गं." माझा नवरा तेवढ्यात म्हणाला, "तात्या, सोडा नाद." त्यांनी ते ऐकलंच नाही.

पुढच्या शनिवारी ते गेले. आणि मग दर शनिवारी. गावात हसं झालं. जी पोरं 'समझा क्या' म्हणायची ती आता 'रॉयल मेल' म्हणायला लागली. नीता माणगावहून रडत आली. तिच्या सासरची माणसं सहलीला काशीदला गेली होती, त्यांनी बापाला लाल कोटात बघितलं होतं. कुंपणाअलीकडे मला सगळं ऐकू येत होतं. "बाबा, तुम्हाला लाज नाही वाटत? आईच्या वेळचं सगळं विसरलात?" मग एकच शब्द आला. "वाटते." नीता जेवायला थांबली नाही. मी हाक मारली तर डोळे पुसत एसटीच्या थांब्याकडे गेली.

त्यानंतर तात्यांचा स्वभाव निवळला, लोक म्हणाले. माझ्या कुकरवर ओरडेनासे झाले. रांगेत कुणी पुढं घुसलं तर गप्प. चार माणसं म्हणाली, बघा, म्हातारा सुधारला. मला ते बघवत नव्हतं. मला तो भांडखोर माणूस परत पाहिजे होता. पंगतीतून उठून जाणारा.

मी त्यांना शेवटचं धडधाकट पाहिलं ते तिथंच. मे महिना होता, माझ्याकडे पुण्याचं एक कुटुंब उतरलेलं, त्यांना ते इंजिन बघायचंच होतं. मी शक्य तितकं टाळलं, पण गेले शेवटी. रविवार, तुडुंब गर्दी. नवीन नाक बसवलेलं, त्यावर तारा. शिडीपाशी तात्या, खांद्यावरून ओघळणारा लाल कोट आणि सोनेरी दोरी लावलेली टोपी. उन्हानं घामाघूम. राकेश सरबताच्या टेबलापाशी उभा.

साठीचा एक गृहस्थ इंजिनाला वळसा घालून घालून बघत होता. वाकून चाकं बघितली, खालून कुठं काय बघितलं, आणि एकदम उजळलेल्या चेहऱ्यानं तात्यांपाशी आला.

"काका, ही तर डब्लूजी! मालगाडीची! माझे वडील मनमाडला फायरमन होते, जन्म गेला त्यांचा हिच्यावर. लहानपणी मला वर उचलून घ्यायचे. अहो, मला वाटलं एकही उरली नसेल. हिला हे मेलचं नाक कोणी लावलं?"

सगळं आयुष्य हे असं कुणी येऊन म्हणावं म्हणून तात्या झुरले होते. तात्यांचा हात वर आला. मला वाटलं, ते आता त्याला मिठी मारतील. मी मनातल्या मनात म्हटलं, बोला तात्या, बोला, जाऊ दे खड्ड्यात तो राकेश.

तात्यांनी सरबताच्या टेबलाकडे पाहिलं. मग हात खाली घेतला.

"न्हाय साहेब," म्हणाले. "मेलचीच ही. पयल्यापासनं मेलच ओढली हिनं. मी सोता चालवली."

"अहो, पण चाकं..."

"चुकलं तुमचं."

त्या माणसाचा चेहरा उतरला. "असेल, असेल. वडील गेले, आता विचारायलाही कोणी नाही," असं काहीतरी पुटपुटत तो माफी मागून निघाला. तो गाडीत बसून फाटकातून बाहेर जाईपर्यंत तात्या त्याच्याकडे बघत होते.

राकेशनं लांबूनच अंगठा वर करून दाखवला. तात्यांनी टोपीला हात लावून त्याला सलाम केला.